कथेतील कालभ्रंश : काळाशी नाते तुटण्याचा काल्पनिक आजार कसा रचावा

काळाशी नाते तुटलेल्या माणसाची कथा लिहायला घेतली की पात्राला लगेच भूतकाळात आणि भविष्यात फिरवण्याचा मोह होतो, आणि काही पानांतच कथा कोणत्या नियमाने चालली आहे हे लेखकालाही सांगता येईनासे होते. म्हणून पहिले वाक्य लिहिण्यापूर्वी आजारात नेमके काय बिघडते ते ठरवावे. आपण ज्याला सरसकट ‘काळाचे भान’ म्हणतो ते एकसंध नसते. किती वेळ गेला याचा अंदाज, घटनांचा क्रम, शरीरातील दिवसरात्रीची लय आणि आपण कोणत्या दिवसात आहोत याची जाणीव या निरनिराळ्या क्षमता आहेत. यांपैकी एकच मोडावी आणि उरलेल्या शाबूत ठेवाव्यात, कारण शाबूत राहिलेल्या भानामुळेच रुग्णाला आपले काहीतरी हरवले आहे हे उमगते.

या क्षमता वेगवेगळ्या असल्याचे पुरावे प्रत्यक्षात आहेत, आणि कल्पनेला त्यांचा मोठा आधार मिळतो. फ्रेंच भूशास्त्रज्ञ मिशेल सिफ्र १९६२ साली आल्प्समधील एका गुहेत घड्याळाशिवाय सुमारे दोन महिने राहिले. १४ सप्टेंबरला मुदत संपल्याचे त्यांना कळवण्यात आले, तेव्हा त्यांच्या हिशेबाने २० ऑगस्टच उजाडला होता. दर सेकंदाला एक या गतीने १२० आकडे मोजायला त्यांना सुमारे पाच मिनिटे लागत. तरीही त्यांच्या झोपेजागेचे चक्र २४ तासांच्या आसपासच राहिले होते, म्हणजे मनाचा हिशेब चुकत असताना शरीराचा जवळपास बरोबर चालला होता. याच्या उलट, पूर्ण अंधत्व असलेल्या काहींच्या मेंदूतील घड्याळाला प्रकाशाची खूण मिळत नाही, त्यामुळे त्यांची झोपेची वेळ रोज थोडी पुढे सरकत जाते, मात्र आज कोणता वार आहे हे त्यांना नीट ठाऊक असते. मानसशास्त्रज्ञ एंडेल टुल्विंग यांनी ज्यांचा अभ्यास केला ते ‘के. सी.’ नावाने ओळखले जाणारे रुग्ण अपघातानंतर शब्द, आकडे आणि शिकलेली माहिती सांगू शकत, पण स्वतःच्या आयुष्यातील एकही प्रसंग त्यांना आठवत नसे, आणि उद्या काय करणार असे विचारले तर मन कोरे असल्याचे ते सांगत. गेलेला काल आणि येणारा उद्या एकाच वेळी नाहीसे होऊ शकतात, ही गोष्ट कोणत्याही लेखकाने मनाने रचली असती तर कदाचित अतिरंजित वाटली असती.

यानंतर आजाराच्या मर्यादा आखाव्यात. झटका कशाने येतो, तो किती वेळ टिकतो, रुग्ण त्यातून परत येतो तेव्हा त्याला काय आठवते, आणि मुख्य म्हणजे या आजारात काय कधीच घडत नाही, एवढे लिहून काढावे. चालना देणारे कारण शरीरातले असले तर उत्तम. अमेरिकी शरीरशास्त्रज्ञ हडसन होगलँड यांनी तापाने आजारी असलेल्या आपल्या पत्नीला मिनिटभर मोजायला सांगितले, तेव्हा ताप जितका जास्त तितके तिचे मिनिट लवकर संपत असल्याचे त्यांना आढळले. ताप, जागरण किंवा अंधार यांपैकी एखादे कारण घेतले की वाचक आजारावर चटकन विश्वास ठेवतो. रुग्णाचे शरीर मात्र जागचे हलवू नये, असे माझे ठाम मत आहे. शरीर दुसऱ्या काळात गेले की तो प्रवास ठरतो. शरीर खाटेवर आणि मन वीस वर्षे मागे असेल, तरच तो आजार राहतो आणि शेजारी बसलेल्या माणसाला त्यात जागा मिळते.

त्या शेजारच्या माणसावर सर्वाधिक कष्ट घ्यावेत. भ्रमावस्थेतील रुग्णाला सावरण्यासाठी समोर दिसेल असे घड्याळ आणि दिनदर्शिका ठेवतात, खिडकीतून दिवसाचा उजेड येऊ देतात, चष्मा आणि श्रवणयंत्र हाताशी ठेवतात, ओळखीची तीच माणसे जवळ राहतील असे पाहतात. कथेतील शुश्रूषा याच साध्या कृतींतून उभी करावी. मग अवघड प्रसंगाकडे वळावे : रुग्ण आपल्या आईची वाट पाहतो आहे, आई जाऊन अनेक वर्षे लोटली आहेत, आणि खरे सांगितले तर त्याच्यासाठी ती दर वेळी नव्यानेच मरते. मुलीने सत्य सांगावे, विषय बदलावा, की ‘ती कशी होती ते मला सांगा ना बाबा’ असे म्हणावे? तिचा निर्णय पहिल्या दिवशी एक आणि महिन्याभराने दुसरा असावा, आणि तो का बदलला हे तिच्या थकव्यातून वाचकाला कळावे.

भाषेत क्रियापदाचा काळ हेच मुख्य साधन आहे. रुग्णाच्या तोंडी ‘आई दार उघडते आहे’ असावे, आणि त्याच क्षणाबद्दल मुलीच्या तोंडी ‘आजी दार उघडायची’. ही दोन वाक्ये शेजारी ठेवली की वेगळ्या स्पष्टीकरणाची गरज उरत नाही. स्वप्न, धुके, भोवरा अशी वर्णने टाळावीत, कारण रुग्णाला काहीच धूसर दिसत नसते, त्याच्या दृष्टीने समोरचे सगळे लख्ख आणि खरे असते. प्रत्येक दृश्यात एकाच काळात असू शकणारी एखादी वस्तू मात्र ठेवावी : हाताचे प्लास्टर, कान तुटलेला कप, अजून न रंगवलेली भिंत. रुग्ण चुकला तरी वाचक चुकता कामा नये.

आजार बरा करायचा की नाही हा प्रश्न आधीच आखलेल्या मर्यादांवर सोपवावा, शेवटच्या पानावर अचानक औषध सापडू नये. मसुदा पूर्ण झाल्यावर दोन तक्ते करावेत, एक घटना प्रत्यक्ष घडल्या त्या क्रमाचा आणि दुसरा रुग्णाला त्या भेटल्या त्या क्रमाचा. मग कथा न वाचलेल्या कोणाकडून तरी पहिला तक्ता केवळ मजकुराच्या आधारे पुन्हा तयार करून घ्यावा, आणि जिथे तो माणूस अडखळेल तिथे स्पष्टीकरणाचा परिच्छेद न जोडता क्रियापद किंवा वस्तू बदलावी.