असमानता सोडवा, पण चिन्ह उगाच उलटू नका

७ − २क्ष ≤ १५ ही असमानता घेऊ. समीकरण सोडवता येत असेल तर निम्मं काम आलंच. दोन्ही बाजूंतून ७ वजा करा, उरतं −२क्ष ≤ ८. इथपर्यंत चिन्हाला हात लावायचा नाही.

खरी मेख पुढच्या ओळीत आहे. दोन्ही बाजूंना −२ ने भागायचं आणि त्याच ओळीत ≤ चं ≥ करायचं. उत्तर क्ष ≥ −४. ‘ऋण दिसलं की चिन्ह उलटा’ असं अर्धवट सूत्र पाठ करून घेतात, आणि सगळा घोळ तिथेच होतो. ३क्ष < −१२ मध्ये ऋण संख्या आहे, पण भागायचंय +३ ने. म्हणून क्ष < −४, चिन्ह जसंच्या तसं. पद एका बाजूचं दुसऱ्या बाजूला नेलं की त्या पदाचं अधिकचं वजा होतं, मधलं < किंवा > हलत नाही. ते उलटतं फक्त ऋण संख्येने गुणताना किंवा भागताना.

याचं कारण वहीत संख्यारेषा काढून बघा. २ < ५ हे खरं. दोन्हींना −१ ने गुणलं की त्या शून्याच्या डावीकडे जातात, आणि शून्यापासून जास्त लांब असलेली ५ आता जास्त डावीकडे पडते. म्हणून −२ > −५. याच कारणाने क्ष ने कधीही भागू नका. तो धन की ऋण हेच माहीत नसतं, शून्यही असू शकतो.

तरीही चूक होत असेल तर क्ष चा सहगुणक (क्ष ला गुणणारी संख्या) धन राहील अशी पदं हलवा: −८ ≤ २क्ष, म्हणजे −४ ≤ क्ष. वाचायला मात्र क्ष पासून सुरुवात करा: क्ष हा −४ एवढा किंवा त्याहून मोठा. उत्तर संख्यारेषेवर दाखवताना ‘चिन्हाचं टोक जिकडे, तिकडे बाण’ हा सल्ला सोडून द्या. इथे टोक डावीकडे आहे, बाण मात्र उजवीकडे जातो.

पडताळा मूळ असमानतेतच घ्या. ० ठेवला तर ७ ≤ १५, खरं. −५ ठेवला तर १७ ≤ १५, खोटं. −४ ला दोन्ही बाजू १५, म्हणून −४ ही उत्तरात येतो.

संख्यारेषेवर −४ ला भरीव टिंब, तिथून उजवीकडे जाड रेघ, टोकाला बाण. चिन्ह नुसतं < किंवा > असेल तर टिंब पोकळ. −५ ची जागा −४ च्या डावीकडे, हे लिहितानाच तपासा.

रेघ काढण्याआधी क्ष कशाची संख्या आहे हेही बघा. समजा, नाशिकजवळच्या मळ्यातून टोमॅटो पिंपळगाव बसवंतच्या बाजार समितीत न्यायचेत. पिकअपमध्ये १२०० किलोपर्यंत माल चालतो, १५० किलो इतर माल आधीच चढलाय आणि भरलेलं एक कॅरेट २० किलोचं आहे. २०क्ष + १५० ≤ १२००, म्हणून क्ष ≤ ५२.५. अर्धं कॅरेट पाठवायचं नाही, उणे कॅरेट नसतंच. तेव्हा सलग रेघ आणि बाण दोन्ही चूक: ० ते ५२ पर्यंतच्या पूर्ण संख्यांवर सुटी टिंबं द्या. ५२.५ चे ५३ करू नका, वजन १२१० किलो होतं.