रात्रपाळी सांभाळून हॅकिंग कसं शिकलो, आणि तुम्ही कसं शिकाल

"दादा, एक इन्स्टा हॅक करून देताय काय?"

महिन्यातनं एकदा-दोनदा तरी हे विचारायला कोणी येतंच. कधी कळंब्याचा पोरगा, कधी उचगावचा. कारण विचारलं की मान खाली जाते. त्याला चहा पाजतो आणि नाही म्हणून सांगतो. दहातला एखादा मात्र चहा संपवून विचारतो, "मग खरं हॅकिंग म्हणजे काय असतंय?" हे सगळं त्याच्यासाठी लिहितोय.

मी कॉम्प्युटर इंजिनिअर नाही. शिरोली एमआयडीसीतल्या एका फाउंड्रीत आठ वर्षं क्यूसीला, म्हणजे माल तपासायला होतो. कास्टिंग टांगायचं, हातोडीचा हलका ठोका मारायचा आणि कान द्यायचा. खणखणीत वाजलं तर पुढं पाठवायचं. बद्द वाजलं तर आत कुठंतरी चीर आहे, खडूनं फुली मारून बाजूला. आज सॉफ्टवेअरवर ठोके मारतो, एवढाच फरक. परवानगी काढून मारतो, हे त्यातलं महत्त्वाचं. त्यावर पुढं येतोच, कारण तिथं मी एकदा सणसणीत आपटलोय.

सुरुवातीला एका क्लासला अठरा हजार भरले होते. तीन महिने सर पडद्यावर टूल चालवायचे आणि आम्ही बघायचो. शेवटी सर्टिफिकेट आलं, फ्रेमही केली. पण लिनक्समध्ये एका फोल्डरमधनं दुसऱ्यात जायला मला तोवर येत नव्हतं. पोहणं काठावर बसून येत नाही हे रंकाळ्याजवळ वाढलेल्या माणसाला वेगळं कोणी सांगायला नको होतं, तरी अठरा हजार गेले ते गेलेच.

वेळ घड्याळाला बांधू नका

"रोज सकाळी पाचला उठा" हा सल्ला शिफ्टवाल्याच्या उपयोगाचा नाही. एक आठवडा पहिली पाळी, पुढचा रात्रपाळी. मी दोनदा ठरवलं आणि दोनदा मोडलं. मग तास घड्याळावरनं काढून चहाला बांधला. कुठलीही पाळी असो, घरी आलो, आंघोळ झाली, चहाचा कप हातात आला की लॅपटॉप उघडायचा. चहा कधी चुकत नाही, त्यामुळं सरावही चुकेना. तुमच्या दिवसात न चुकणारी गोष्ट कुठली ते बघा आणि तिच्या शेपटीला हा तास बांधा.

तासातली पन्नास मिनिटं हात कीबोर्डवर. उरलेली दहा वहीला. दोनशे पानी साधी वही घ्या. तारीख, आज काय करायचं होतं, काय टाईप केलं, काय आलं आणि काय कळलं नाही, एवढंच लिहायचं. शेवटचा रकाना सर्वात मोलाचा. माझ्या पहिल्या वहीत "पोर्ट म्हणजे नक्की काय?" हे अकरा वेळा लिहिलंय. बाराव्यांदा लिहावं लागलं नाही.

लॅपटॉप आणि घरातली प्रयोगशाळा

नवा लॅपटॉप लागत नाही. माझा जुना, चार जीबी रॅमचा होता. राजारामपुरीतनं रॅम आणि एसएसडी टाकून घेतली, आठ जीबीवर सगळं काम झालं. त्यात व्हर्च्युअलबॉक्स बसवायचं. तो फुकट आहे आणि एका कॉम्प्युटरच्या पोटात दुसरा कॉम्प्युटर चालवतो. पहिली मशीन काली लिनक्सची, त्यात हॅकिंगची टूलं आधीच भरलेली असतात. काली व्हर्च्युअलबॉक्ससाठी तयार डाउनलोड होतो, युजर आणि पासवर्ड दोन्ही 'काली'. दुसरी मशीन मेटास्प्लॉयटेबल २. ती मुद्दाम भोकं ठेवून बनवलेली आहे, म्हणजे शिकाऊंसाठी आणलेलं रिजेक्शनचं कास्टिंगच म्हणा. तिची तयार डिस्क येते, नवी मशीन बनवून तिला ती डिस्क जोडावी लागते.

इथं दोन ठिकाणी माणूस अडतो. पहिलं म्हणजे व्हर्च्युअलबॉक्समध्ये चौसष्ट बिटचा पर्यायच दिसत नाही. अशा वेळी लॅपटॉपच्या बायोसमध्ये, म्हणजे चालू होतानाच्या सेटिंगमध्ये, व्हर्च्युअलायझेशन बंद असतं, ते चालू करायचं. मी त्यापायी चार दिवस घालवले, तुम्ही घालवू नका. दुसरं नेटवर्क. दोन्ही मशीनना 'होस्ट ओन्ली' नेटवर्क द्या, म्हणजे त्या एकमेकींशी आणि तुमच्या लॅपटॉपशीच बोलतील. कालीला इंटरनेट हवं असेल तर व्हर्च्युअलबॉक्सच्या सेटिंगमध्ये तिला 'नॅट' प्रकारचं दुसरं नेटवर्क कार्ड जोडा. मेटास्प्लॉयटेबलला मात्र घरच्या वायफायवर कधीही सोडायचं नाही. दार उघडं टाकून महाद्वार रोडवर तिजोरी ठेवल्यासारखं होईल.

सगळं चालू झालं की दोन्हीचा स्नॅपशॉट घ्या. काही बिघडलं की एका क्लिकवर मागं जाता येतं. बिघडणार आहेच.

पहिला महिना फक्त टर्मिनल

टर्मिनल म्हणजे माऊस न वापरता कमांड टाईप करायची खिडकी. तिच्यासाठी ओव्हरदवायर नावाच्या साइटवर बँडिट हा खेळ आहे. तिसेक पायऱ्या, प्रत्येक पायरीवर पुढच्या पायरीचा पासवर्ड कुठंतरी दडवलेला. फुकट आहे, नावनोंदणीही नाही. एसएसएचनं, म्हणजे लांबच्या कॉम्प्युटरवर टर्मिनलमधनं सुरक्षित जायच्या कमांडनं, २२२० पोर्टवर जोडायचं. पहिला युजर 'बँडिट०', पासवर्डही तोच. पासवर्ड टाईप करताना पडद्यावर काहीच उमटत नाही, ठिपकेसुद्धा नाहीत. कीबोर्ड बिघडला असं वाटून मी लॅपटॉप उलटा करून झटकला होता. लिनक्सची पद्धतच ती आहे, बिनधास्त टाईप करून एंटर मारा.

कमांड मी इथं देवनागरीत लिहितोय, तुम्ही त्या इंग्रजी छोट्या अक्षरांत टाईप करा. एलएस म्हणजे यादी दाखव, सीडी म्हणजे फोल्डर बदल, कॅट म्हणजे फाइल वाचून दाखव. पहिली पायरी एवढ्यात सुटते. दुसऱ्या पायरीवर फाइलचं नावच नुसतं एक आडवी रेघ आहे, डॅश. मी कॅट लिहिलं, पुढं डॅश, एंटर. काहीच नाही. कर्सर लुकलुकतोय. परत एंटर. तरी नाही. अर्धा तास मला वाटत होतं की नेट गेलं.

झालं असं होतं की कॅटच्या लेखी डॅश म्हणजे "कीबोर्डवरनं जे येईल ते वाच". तो बिचारा माझी वाट बघत बसलेला आणि मी त्याची. कंट्रोल सीनं बाहेर आलो. मग फाइलचा पत्ता पूर्ण द्यायचा असतो हे कळलं. टिंब, तिरकी रेघ, मग डॅश, म्हणजे "याच फोल्डरातली डॅश नावाची फाइल". वाक्य तेच, पण वाचणारा प्रोग्राम त्याचा अर्थ भलताच लावतो, हे मला त्या दिवशी पहिल्यांदा दिसलं. पुढं वेबचा हल्ला शिकलो तेव्हा हीच गोष्ट मोठ्या कपड्यांत परत भेटली.

एक नियम स्वतःला घाला. अडलं तर पूर्ण एक दिवस उत्तर शोधायचं नाही. मॅन कमांडनं त्या-त्या कमांडची माहिती वाचायची, झोपायचं, उद्या बघायचं. यूट्यूबवर बँडिटची सगळी उत्तरं आहेत. ती बघून तीस पायऱ्या चढलेली पोरं मला माहीत आहेत, चौथ्या दिवशी पहिलीही येत नाही.

मग नेटवर्क

आता मेटास्प्लॉयटेबल चालू करा. कालीतल्या ब्राउझरमध्ये तिचा आयपी, म्हणजे नेटवर्कवरचा पत्ता टाका आणि येणाऱ्या यादीतनं डीव्हीडब्ल्यूए नावाचं सरावाचं पान उघडा. दुसरीकडं वायरशार्क चालू करून होस्ट ओन्लीचं कार्ड निवडा. नेटवर्कवरनं जाणारे मजकुराचे तुकडे, म्हणजे पॅकेटं, हे टूल दाखवतं. पानावर लॉगिन करा, युजर अॅडमिन, पासवर्ड म्हणून 'पासवर्ड' हाच शब्द. मग वायरशार्कमध्ये त्या पॅकेटवर उजवी क्लिक, फॉलो, टीसीपी स्ट्रीम. तुमचा पासवर्ड मराठी पेपरातल्या मथळ्यासारखा समोर उभा राहतो. एचटीटीपीच्या पुढं 'एस' का लागतो, हे यानंतर कोणी समजावून सांगावं लागत नाही.

त्याच पडद्यावर सुरुवातीची तीन पॅकेटं बघा. सिन, सिन-अॅक, अॅक. फोनवर "हॅलो", "हां, बोला", "हां, ऐका" होतं ना, तेच. पोर्ट म्हणजे एका इमारतीतली खोल्यांची दारं. २२ वर एसएसएच, ८० वर साधं वेब, ४४३ वर कुलूपवालं, २१ वर फाइली पाठवायचं एफटीपी.

दारं ठोठवायला एनमॅप. हे टूल १९९७ पासून आहे. आपल्याच मेटास्प्लॉयटेबलवर तो 'डॅश एस व्ही' लावून चालवा, व्ही मोठा. दारांची लांबलचक यादी येईल. २१ समोर व्हीएसएफटीपीडी २.३.४ लिहिलेलं दिसेल. तिथं थांबा. २०११ मध्ये कोणीतरी या सॉफ्टवेअरच्या डाउनलोडमध्येच चोरदार घुसवलं होतं. युजरच्या नावाशेवटी इंग्रजी कोलन आणि कंस जोडून होणारा हसरा चेहरा टाकला की ६२०० पोर्टवर थेट आत शिरता येतं. मेटास्प्लॉइट नावाच्या तयार हल्ल्यांच्या टूलनं एका मिनिटात जमतं, पण पहिल्यांदा ते हातानं करा. टूलनं केलं की दार उघडतं एवढंच कळतं. का उघडलं ते हातानं केल्यावर कळतं.

आत शिरल्यावर शॅडो फाइल बघा, त्यात पासवर्ड हॅश करून, म्हणजे सरळ वाचता येणार नाहीत असे बदलून ठेवलेले असतात. पासवर्ड ओळखणारं जॉन द रिपर हे टूल आणि कालीतली रॉकयू नावाची पासवर्डांची यादी त्यावर लावा. २००९ मध्ये एका साइटचे उघडे ठेवलेले पासवर्ड फुटले, त्यातनं ही यादी आली. दोन-तीन खाती बघता बघता पडतात. मग आधी आईच्या फोनचा पासवर्ड बदलाल.

कॉसमॉस बँकेचं प्रकरण आपल्याकडं बऱ्याच जणांना आठवत असेल. ऑगस्ट २०१८, सुमारे ९४ कोटी रुपये चोरीला गेले. कोल्हापुरातल्या एटीएममधनंही बनावट कार्डांनी पैसे काढले गेले. एटीएम नेहमी बँकेला विचारतं, "देऊ का?" चोरांनी मधेच खोटा स्विच बसवला आणि बँकेच्या ऐवजी तोच "दे" म्हणत राहिला. नेटवर्क शिकताना वहीत हा प्रश्न लिहून ठेवा: होकार देणारा नक्की कोण आहे?

वेब

यासाठी पोर्टस्विगरची वेब सिक्युरिटी अॅकॅडमी. फुकट, आणि मी पाहिलेल्यात सर्वात नेटकी. सोबत बर्प सूटची कम्युनिटी आवृत्ती. ब्राउझर आणि साइट यांच्यातलं पत्र ती मधे पकडते, तुम्ही त्यात खाडाखोड करून पुढं पाठवता. एसक्यूएल इंजेक्शन तिथंच करून बघा. नावाच्या चौकटीत एक अवतरणचिन्ह टाकलं की डेटाबेसला वाटतं नाव संपलं, पुढचा मजकूर म्हणजे हुकूम. डॅशवाल्या फाइलचीच थोरली बहीण.

वेबवरच्या सर्वात मोठ्या धोक्यांची यादी काढणाऱ्या ओडब्ल्यूएएसपी या संस्थेच्या २०२१ च्या यादीत पहिला नंबर याचाही नाही. तो आहे ब्रोकन अॅक्सेस कंट्रोलचा, म्हणजे ज्याला जे बघायचा हक्क नाही ते त्याला दिसण्याचा. लिंकमधला बिल क्रमांक १०४५ चा १०४६ केला आणि दुसऱ्याचं बिल उघडलं, इतकं साधं. प्रत्येक लॅबनंतर वहीत डाव्या पानावर कसं मोडलं आणि उजव्या पानावर कसं बुजवायचं ते लिहा. उजवी पानं कोरी राहिली तर काम मिळणार नाही.

वजनकाट्याची गोष्ट

एनमॅप नवा-नवा शिकलो होतो. रात्रपाळीला हात शिवशिवले आणि कंपनीच्या नेटवर्कवर चालवून बघितला. कुणाला विचारलं नाही. पाच मिनिटांत गेटवरनं फोन. वजनकाट्याचा आकडा गोठलेला. जुनं यंत्र, ठोठावणं त्याला सोसलं नाही. भंगाराचे चार ट्रक बाहेर उभे, चालकांच्या शिव्या ऐकू येतायत आणि मी सर्व्हर रूममध्ये घाम पुसतोय. दीड तास गेला. सकाळी मालकांना स्वतःहून सांगितलं. नोकरी राहिली, पण ते त्यांच्या मनाचा मोठेपणा म्हणून.

कायदा एवढा मोठ्या मनाचा नाही. माहिती तंत्रज्ञान कायदा, २००० चं कलम ४३ मालकाच्या परवानगीशिवाय कॉम्प्युटरमध्ये शिरण्याबद्दल आहे. तेच अप्रामाणिकपणानं किंवा कपटानं केलं तर कलम ६६, तीन वर्षांपर्यंत कैद किंवा पाच लाखांपर्यंत दंड किंवा दोन्ही. शेजाऱ्याचं वायफाय, कॉलेजची साइट, मैत्रिणीचं खातं, सगळं यात आलं. घराबाहेर सराव हवाच असेल तर एनमॅपवाल्यांनी स्कॅनमी नावाचा सर्व्हर त्यासाठी ठेवलाय, बेतानं वापरा. खुळा नाद करायची जागा स्वतःच्या व्हर्च्युअलबॉक्सात. आणि कोणाचे पैसे फसवणुकीत गेले म्हणून तुमच्याकडं आला, तर हॅकिंगचे प्रयोग न करता आधी १९३० या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनला फोन लावून द्या.

सर्टिफिकेटचं विचाराल तर पहिलं वर्ष त्याचं नाव काढू नका. नंतर ओएससीपीसारखी हातानं करून दाखवायची परीक्षा बरी.

वर्षभरानं त्याच मालकांकडं गेलो. या वेळी लेटरहेडवर लिहून मागितलं: कुठले आयपी, कुठली तारीख, किती ते किती, काही अडलं तर कोणाला फोन. वजनकाटा यादीतनं मीच वगळला. भट्टी बंद असलेल्या दिवशी तपासणी केली. सीसीटीव्हीच्या डीव्हीआरला बनवणाऱ्या कंपनीकडनं आलेला मूळ पासवर्ड तसाच होता, गेटपासून ऑफिसपर्यंत सगळं दिसत होतं. सात पानांचा अहवाल दिला. मालकांनी पहिलं पान वाचलं, चष्मा काढला आणि म्हणाले, "हे बाकीचं राहू दे. कुठलं आधी करायचं तेवढं मराठीत सांग." तेव्हापासनं माझ्या प्रत्येक अहवालाचं पहिलं पान मराठीत असतं, अर्ध्या पानाचं, आणि क्रमानं.