आधी जागा लिहा, मग खापराचं नाव

किनाऱ्यावरच्या हरवलेल्या शहरांचा अभ्यास करायचाय असं कुणी मला सांगतं, तेव्हा त्याच्या डोळ्यांसमोर बहुतेक वेळा समुद्रात बुडालेली द्वारका असते. माझ्याही होती. प्रत्यक्षात माझी पहिली दोन वर्षं गेली विरार लोकल, खाडीकाठचा चिखल आणि टूथब्रशने खापरं घासण्यात. हे आधीच सांगते, कारण पाणबुड्याचा पोशाख घालायला मिळेल म्हणून आलेली आमच्या तुकडीतली तिघं पहिल्याच पावसाळ्यात सोडून गेली.

पेरिप्लस म्हणजे पहिल्या शतकातलं, समुद्री व्यापाराच्या वाटा सांगणारं ग्रीक पुस्तक. त्यातली सुप्पारा, कॅलिएना, सेमिला ही नावं तुम्हाला पाठ असतीलच. सोपारा, कल्याण, चौल. यातलं सोपारा काही समुद्राने गिळलेलं नाही. खाडी गाळाने भरत गेली, गलबतं यायची थांबली आणि बंदराचं गाव झालं. आता त्या पांढरीवर, म्हणजे जुन्या वस्तीच्या मातीवर, इमारती उभ्या आहेत. म्हणजे तुमचं शहर कुणाच्या तरी पार्किंगखाली आहे, आणि हाताला लागतात ती फक्त खापरं. म्हणूनच मी जिथे फसले ते जरा सविस्तर सांगते.

वसईकडच्या एका खाडीकाठी आमचं सर्वेक्षण चालू होतं, परवानगी काढून. ओहोटी होती. मला अंगठ्याएवढं एक खापर मिळालं: बाहेरून पिवळट, खरबरीत, आणि आतून काळा, डांबरासारखा लेप. माझे हात थरथरले. मी पिशवीवर मार्करने मोठ्या अक्षरांत लिहिलं, ‘रोमन अँफोरा’, म्हणजे दारू-तेल जहाजातून न्यायचा रोमन रांजण. खाली तारीख. बस.

संध्याकाळी सरांनी ते भिंगाखाली धरलं. म्हणाले, "अगं, हा टॉर्पेडो जार दिसतोय. इराणच्या आखाताकडचा." रोमन अँफोऱ्याला दोन कान असतात, आतला लेप बहुधा पाइनच्या राळेचा असतो, टॉर्पेडो जारला कान नसतात आणि आत असतं ते खरंखुरं डांबर. तो इराणच्या सासानी राजवटीच्या आणि त्यानंतरच्या इस्लामी काळातला, म्हणजे माझी चूक काही शतकांची. ही चूक भारतात मोठमोठ्या अभ्यासकांकडूनही झालेली आहे. पूर्वी रोमन म्हणून नोंदलेली कितीतरी खापरं पुढे टॉर्पेडो जारची निघाली. माझ्या चुकीबद्दल सर एक शब्द बोलले नाहीत.

मग त्यांनी विचारलं, "कुठून उचललंस?"

"खाडीच्या काठावरून."

"काठाच्या कुठून? भरतीच्या रेषेच्या वर की खाली? गाळात रुतलेलं होतं की वर पडलेलं?"

मला आठवेना. आणि आम्ही फिरलो त्या पट्ट्याच्या एका टोकाला रेतीबंदर होतं. खाडीच्या पोटातून उपसलेली रेती तिथे उतरवत. माझं खापर जागच्या गाळातलं असेल, तर तिथे बाराशे-पंधराशे वर्षांपूर्वी आखातातला माल उतरत होता असं म्हणायला आधार मिळाला असता. रेतीच्या ढिगातून घरंगळलेलं असेल, तर ते कोसभर लांबूनही आलेलं असू शकतं. दोन्ही शक्य, आणि ठरवणारी एकटी मीच होते. ते खापर मोजणीतून वगळलं. मी त्या रात्री लोकलमध्ये रडले. आजही ते आठवलं की घशात काहीतरी अडकतं.

खापराची ओळख दहा वर्षांनीही बदलता येते. जागा एकदा गेली की गेली. मुंबईत तर हे दुप्पट खरं आहे, कारण इथे बरीच जमीन भरावाची. भरावाच्या मातीत जुनं खापर सापडलं तर ते त्या जागेबद्दल काहीच सांगत नाही. म्हणून पिशवीवर पहिली ओळ जागेची: कुठली खूण, तिथून किती पावलं, कुठल्या दिशेला, पाण्याची रेषा कुठे, आजूबाजूला रेती, डबर, बांधकाम काय आहे. मग रंग, पोत, लेप. नाव शेवटी, पेन्सिलने.

पुरातत्त्वज्ञ भगवानलाल इंद्रजींनी 1882 साली सोपाऱ्याच्या ‘बुरुड राजाचा कोट’ नावाच्या टेकाडात स्तूप खणला. दगडी पेटीत तांब्याचा करंडक, भोवती गोलाकार बसवलेल्या आठ मूर्ती, करंडकात एकात एक करंडक, आणि सगळ्यात आतल्या सोन्याच्या करंडकात मातीच्या भांड्याचे तेरा बारीक तुकडे. बुद्धाच्या भिक्षापात्राचे मानले गेलेले. रस्त्यात पडले असते तर कुणी वाकूनही बघितलं नसतं. काय कशाच्या आत होतं हे त्यांनी लिहून ठेवलं, म्हणून ते आपल्याला कळतात. आता ते एशियाटिक सोसायटीकडे आहेत.

फोटो टाकून ‘हे काय आहे’ विचारायची सवय लावून घेऊ नका. उत्तर मिळतं, नजर तयार होत नाही. मार्गदर्शक निवडताना नावाला भुलू नका. जो तुमची फील्डवही उघडून वाचतो, तो धरा. पुरातत्त्वाच्या शिक्षणाची सोय कलिन्याला मुंबई विद्यापीठात आहे, पुण्याला डेक्कन कॉलेज आहे. मी कॉमर्सची. कुणी अडवलं नाही.

पैशांचं स्पष्ट सांगते: सुरुवातीची कामं कंत्राटी, मधले महिने रिकामे. घर तुमच्यावर चालत असेल तर नोकरी सोडून येऊ नका, शनिवार-रविवार या. तेवढ्यातही खूप शिकता येतं, मी तसंच केलं. परवानगीशिवाय मात्र काहीही उचलायचं नाही, नुसतं बघा आणि लिहा.

आणि कोळ्यांचा हिशेब शिकून घ्या. तिथीची पाऊणपट केली की भरतीची वेळ येते. पौर्णिमेला पंधराची पाऊणपट, सव्वाअकरा. म्हणजे पूर्ण ओहोटी साधारण सव्वापाचला, पहाटे आणि संध्याकाळी. उधाणाच्या दिवसांत पाणी सगळ्यात लांब जातं. पहाटेचीच वेळ घ्या. उजेड पडेपर्यंत खुणेपासून पावलं मोजून होतात, आणि पाणी परत काठापर्यंत चढायच्या आत तासभर नीट बघता येतं.