ग्रोथ प्लेटचे फ्रॅक्चर वाकडे जुळले, तर कोड कसा ठरवावा

लहान मुलाच्या हातातील ग्रोथ प्लेटचे फ्रॅक्चर वाकडे जुळले असेल, तर अमेरिकेतील आयसीडी-१०-सीएम या निदानांच्या कोडसंचात ‘मालयुनियन’ असा स्वतंत्र कोड शोधत बसू नये, कारण तसा कोड त्यात नाही. जुन्या आयसीडी-९-सीएममध्ये कोणत्याही हाडाच्या वाकड्या जुळणीला ७३३.८१ हा एकच कोड लागत असे आणि मूळ फ्रॅक्चर कोठे झाले होते, हे त्यावरून कळत नसे. १ ऑक्टोबर २०१५ पासून लागू झालेल्या संचात ही माहिती मूळ फ्रॅक्चरच्याच कोडमध्ये सातव्या स्थानावरील अक्षराने दिली जाते. म्हणून मालयुनियनचे कोडिंग म्हणजे मुख्यतः काही महिन्यांपूर्वीचे फ्रॅक्चर नेमके ओळखण्याचे काम आहे. खाली कोडमधील इंग्रजी अक्षरे त्यांच्या उच्चाराप्रमाणे देवनागरीत लिहिली आहेत. प्रणालीत ती अर्थातच इंग्रजीत भरायची असतात.

सर्वांत आधी चार्टमध्ये, म्हणजे रुग्णाच्या नोंदींत, निदान शोधावे. ‘मालयुनियन’ किंवा ‘फ्रॅक्चर वाकडे जुळले आहे’ हे उपचार करणाऱ्या डॉक्टरांनी स्वतः लिहिलेले असले पाहिजे; एक्स-रेच्या अहवालातील कोनाच्या अंशांवरून ते कोडरने ठरवायचे नसते. मुलांच्या बाबतीत हा नियम विशेष जपावा लागतो. ग्रोथ प्लेट म्हणजे हाडाच्या टोकाजवळची, हाडाची लांबी वाढवणारी कूर्चेची चकती. दंडाच्या हाडाची, म्हणजे ह्युमरसची, सुमारे ८० टक्के वाढ खांद्याकडच्या चकतीतून होते आणि रेडियसची, म्हणजे कोपर ते मनगट या भागातील अंगठ्याकडच्या हाडाची, सुमारे ७५ टक्के वाढ मनगटाजवळच्या चकतीतून होते. त्यामुळे या दोन ठिकाणी काही अंशांचा कल राहिला, तरी मूल लहान असेल तर वाढीबरोबर तो बराचसा सरळ होतो, आणि डॉक्टर ‘थोड्या कलात जुळले आहे, स्वीकारार्ह आहे, पुढे सरळ होईल’ असे लिहून मुलाला घरी पाठवतात. ते मालयुनियन नव्हे. ते अपेक्षेप्रमाणे भरून येणे आहे आणि त्याचे सातवे अक्षर ‘डी’ आहे. हाडाला पीळ पडला असेल, तर तो मात्र असा आपोआप फारसा सुटत नाही. नोंद संदिग्ध असेल, तर डॉक्टरांना क्वेरी, म्हणजे विचारणा, पाठवावी आणि तिच्यात उत्तर सुचवू नये. ‘हे मालयुनियन आहे ना?’ असे विचारण्याऐवजी ‘सध्याच्या भेटीत फ्रॅक्चरच्या जुळणीची स्थिती काय आहे, ते कृपया नोंदवावे’ असे विचारणे योग्य ठरते.

निदान पक्के झाले की जागा ठरवावी. ह्युमरसच्या वरच्या टोकाच्या ग्रोथ प्लेटसाठी एस४९.० आणि खालच्या, कोपराकडच्या टोकासाठी एस४९.१ हा उपगट आहे. अग्रबाहूसाठी एस५९ हा गट आहे आणि नवखा कोडर हमखास चुकतो तो येथेच, कारण यातील क्रम शरीररचनेच्या ओळखीच्या क्रमाने जात नाही. एस५९.० म्हणजे अल्नाचे (करंगळीकडच्या हाडाचे) खालचे टोक, एस५९.१ म्हणजे रेडियसचे वरचे टोक आणि एस५९.२ म्हणजे रेडियसचे खालचे टोक. प्रत्यक्षात सर्वाधिक चार्ट रेडियसच्या खालच्या टोकाचे येतात, आणि ‘पहिला उपगट म्हणजे नेहमीचे फ्रॅक्चर’ अशा समजुतीने घाईत एस५९.० निवडले की सगळा कोड शेजारच्या हाडावर जातो. मी स्वतः सुरुवातीच्या काळात ही चूक केलेली आहे, आणि तेव्हापासून उपगटाचे पूर्ण वर्णन वाचल्याशिवाय पुढचा अंक लिहीत नाही. अल्नाच्या वरच्या टोकाला एस५९ मध्ये उपगटच नाही, हेही ध्यानात ठेवावे.

पाचवा अंक फ्रॅक्चरचा प्रकार सांगतो. रॉबर्ट सॉल्टर आणि डब्ल्यू. रॉबर्ट हॅरिस यांनी १९६३ मध्ये मांडलेले वर्गीकरण येथे वापरले जाते. भेग केवळ चकतीतून गेली तर पहिला प्रकार. चकतीतून निघून हाडाच्या दांड्याकडचा तुकडा सोबत घेऊन गेली तर दुसरा. चकतीतून सांध्याच्या पृष्ठभागाकडे वळली तर तिसरा. आणि दांड्याकडून चकती ओलांडून थेट सांध्यापर्यंत पोचली तर चौथा. या चार प्रकारांना अनुक्रमे १ ते ४ हे अंक आहेत. प्रकार नोंदवलेलाच नसेल तर ० आणि नोंदवलेल्या प्रकाराला स्वतंत्र जागा नसेल तर ९ वापरावा. चकती चिरडली जाण्याचा पाचवा प्रकार हाताच्या या उपगटांत वेगळा दिलेला नाही, त्यामुळे तो ९ मध्ये जातो. शून्य आणि नऊ यांची अदलाबदल होऊ देऊ नये: शून्य माहिती नसल्याचे सांगतो आणि नऊ माहिती असूनही तिच्यासाठी वेगळा कोड नसल्याचे सांगतो. मालयुनियनच्या भेटीत मूळ फ्रॅक्चरचा प्रकार बहुधा पुन्हा लिहिलेला नसतो. अशा वेळी थेट शून्याकडे न जाता तो प्रकार या भेटीच्या नोंदीत लिहून द्यावा, अशी विनंती डॉक्टरांना करावी. सहाव्या स्थानी बाजू येते: उजवा हात १, डावा २ आणि बाजू नोंदवलेली नसेल तर ९. हातासारख्या अवयवाच्या बाबतीत हा शेवटचा ९ वापरण्याची वेळ खरे तर येऊच नये.

आता सातवे अक्षर. या उपगटांत सहाच अक्षरे चालतात: सक्रिय उपचार चालू असलेल्या बंद (त्वचा न फाटलेल्या) फ्रॅक्चरसाठी ‘ए’, नेहमीप्रमाणे भरून येणाऱ्यासाठी ‘डी’, भरायला उशीर लागत असेल तर ‘जी’, हाड जुळलेच नसेल तर ‘के’, वाकडे जुळले असेल तर ‘पी’ आणि दुखापतीच्या मागे राहिलेल्या परिणामासाठी ‘एस’. मोठ्या हाडांच्या इतर काही गटांत मालयुनियनसाठी ‘क्यू’ आणि ‘आर’ ही अक्षरेही असतात. ती येथे लावली तर कोड अवैध ठरतो.

सर्वाधिक गोंधळ होतो तो ‘ए’ आणि ‘पी’ यांत. वाकडे जुळलेले हाड कापून सरळ करण्याची शस्त्रक्रिया हा सक्रिय उपचारच आहे, मग ‘ए’ का नको, असा प्रश्न रास्त वाटतो. परंतु अधिकृत मार्गदर्शक सूचनांनुसार मालयुनियन आणि नॉनयुनियन (हाड न जुळणे) यांसारख्या फ्रॅक्चरच्या गुंतागुंतीवरील उपचार त्या त्या गुंतागुंतीच्या अक्षरानेच नोंदवायचे असतात. मूल या डॉक्टरांकडे पहिल्यांदाच आले आहे, एवढ्याने ‘ए’ ठरत नाही. उपचार घ्यायलाच उशीर झालेल्या रुग्णासाठी ‘ए’ची जी मुभा आहे, तिच्यात फ्रॅक्चर आणि नॉनयुनियन यांचा उल्लेख आहे, मालयुनियनचा नाही. तसेच हाड मोडल्यानंतरच्या देखभालीसाठी ‘झेड’ने सुरू होणारे कोड वापरू नयेत. फ्रॅक्चरचाच कोड योग्य सातव्या अक्षरासह पुढे चालवावा.

एक चार्ट डोळ्यांसमोर आणू. दहा वर्षांचा मुलगा झोपाळ्यावरून पडला, डाव्या मनगटाला प्लास्टर घातले गेले, आणि पाच महिन्यांनी हात मागे कललेला दिसू लागल्यामुळे त्याला अस्थिशल्यविशारदांकडे आणले. त्यांची नोंद अशी: ‘डाव्या रेडियसच्या खालच्या टोकाच्या ग्रोथ प्लेटचे फ्रॅक्चर, सॉल्टर-हॅरिस दुसरा प्रकार, मालयुनियन, हाड कापून सरळ करण्याचे नियोजन.’ रेडियसचे खालचे टोक म्हणजे एस५९.२, दुसरा प्रकार म्हणून पुन्हा २, डावी बाजू म्हणून आणखी एक २ आणि शेवटी मालयुनियनचे ‘पी’; म्हणजे एस५९.२२२पी. तीन दोन ओळीने आल्यामुळे एखादा गळण्याची भीती असते, म्हणून प्रत्येक अंक कशासाठी आला, ते मनात म्हणत लिहावे.

याच मुलाची चकती अकाली बंद होऊन वाढ थांबली असेल, तर ती निराळी स्थिती आहे आणि तिला एम८९.१ मध्ये स्वतःचे कोड आहेत: डाव्या रेडियसच्या खालच्या टोकाची वाढ अंशतः थांबली असेल तर एम८९.१३४, पूर्ण थांबली असेल तर एम८९.१३२. डॉक्टरांनी ही स्थिती जुन्या दुखापतीचा मागे राहिलेला परिणाम म्हणून नोंदवली असेल, तर आधी एम८९.१३४ आणि त्यानंतर एस५९.२२२एस असा क्रम लागतो. म्हणजे परिणाम आधी, कारण नंतर. ‘वाढ खुंटली’ या शब्दांवरून ‘पी’ लावणे आणि ‘वाकडे जुळले’ या शब्दांवरून एम८९.१ लावणे या दोन्ही चुका सारख्याच गंभीर आहेत, कारण या दोन स्थितींचे पुढचे उपचार वेगळ्या दिशेने जातात.

कोपराच्या चार्टमध्ये आणखी सावध राहावे. मुलांचा कोपर आतल्या बाजूला वाकडा होण्याचे नेहमीचे कारण म्हणजे सुप्राकाँडायलर (कोपराच्या लगेच वरच्या) फ्रॅक्चरचे मालयुनियन. ते ग्रोथ प्लेटच्या वर होते आणि एस४२.४१ मध्ये जाते. बाहेरच्या काँडाइलचे, म्हणजे ह्युमरसच्या खालच्या टोकावरील बाहेरच्या उंचवट्याचे, फ्रॅक्चर पुष्कळदा चौथ्या प्रकाराच्या वाटेने जाते, पण डॉक्टरांनी ‘लॅटरल काँडाइल’ एवढेच लिहिले असेल, तर एस४२.४५ लावावे. शरीररचनेचे ज्ञान आहे म्हणून कोडरने ते स्वतःहून एस४९.१४ मध्ये नेऊ नये.

शस्त्रक्रियेचा कोड सीपीटी या उपचारांच्या वेगळ्या कोडसंचातून येतो; त्यासाठी निदानाचा मथळा नव्हे, तर शस्त्रक्रियेचे संपूर्ण टिपण वाचावे. रेडियस किंवा अल्ना यांपैकी एका हाडाचे मालयुनियन हाडाच्या कलमाशिवाय दुरुस्त केले तर २५४००, रुग्णाचे स्वतःचे हाड कलम म्हणून वापरले तर २५४०५. ह्युमरससाठी हेच अनुक्रमे २४४३० आणि २४४३५. रेडियसच्या खालच्या तृतीयांशातील ऑस्टिओटॉमीला (हाड कापण्याला) २५३५० हा वेगळा कोड आहे, पण एकाच हाडाच्या एकाच दुरुस्तीसाठी तो २५४००च्या जोडीला लावू नये. चकतीत तयार झालेला हाडाचा पूल काढला असेल, तर २०१५० पाहावा.

दुखापतीचे कारण सांगणारा कोडही भेटीशी जुळवावा: झोपाळ्यावरून पडण्यासाठी डब्ल्यू०९.१एक्सएक्सडी (‘एक्स’ रिकाम्या स्थानांसाठी), कारण त्या गटात मालयुनियनचे अक्षर नसते आणि पुढील उपचारांच्या भेटींना ‘डी’च लागते. घटनेची जागा आणि त्या वेळची कृती सांगणारे वाय९२ आणि वाय९३ हे कोड पहिल्या उपचाराच्या वेळी एकदाच द्यायचे असतात, त्यामुळे पाच महिन्यांनंतरच्या या भेटीत ते येत नाहीत. संच दरवर्षी १ ऑक्टोबरला बदलतो. भेट सप्टेंबरमध्ये झाली आणि कोडिंग ऑक्टोबरमध्ये होत असेल, तर भेटीच्या तारखेला लागू असलेला संच उघडून एस५९.२२२पी त्यात तपासावा.