रविवारी जहाज बंदरात असेल तर

शिवाजी पार्कच्या कट्ट्यावर अकरावी-बारावीतली मुलं मला दर वर्षी एकच प्रश्न विचारतात, "काका, नेव्हीत गेलं की क्रिकेट सुटतं का?" सुटत नाही, पण आपल्या हातात राहत नाही. रविवारी जहाज बंदरात असेल तर आपण खेळाडू, नसेल तर नाही. मी वीसेक वर्षं असाच खेळलो. मुंबईतल्या क्लबांच्या कांगा लीगच्या खालच्या डिव्हिजनमध्ये, मधल्या फळीत. दुसरं कोणी मिळालंच नाही तर ऑफस्पिनही टाकायचो.

आत शिरण्याचं आधी सांगतो. एनडीएची, म्हणजे खडकवासल्याच्या राष्ट्रीय संरक्षण प्रबोधिनीची परीक्षा यूपीएससी वर्षातून दोनदा घेते. नौदलासाठी बारावीला फिजिक्स, केमिस्ट्री आणि मॅथ्स हवं. 2022 पासून मुलीही तिथे शिकताहेत. खडकवासल्याची 3 वर्षं, मग केरळात एझिमालाला 1 वर्ष. एझिमालाची अकादमी 2009 साली सुरू झाली. आमच्या वेळी थेट कोचीच्या ट्रेनिंग जहाजावर पाठवायचे आणि उलट्या काढत शिकायचं. लेखी परीक्षेनंतरची एसएसबी, म्हणजे निवड मंडळाच्या चाचण्या आणि मुलाखत, 5 दिवसांची असते. फॉर्मवर खेळाबद्दल लिहाल ते खरं लिहा. मी 'गाइल्स शील्ड (मुंबईतल्या शाळांची स्पर्धा) खेळलो' असं लिहिलं होतं. मुलाखतीत लगेच प्रश्न आला, किती रन्स? "दोन मॅच, अकरा रन्स," मी म्हणालो. समोरचे अधिकारी हसले आणि पुढच्या प्रश्नाला गेले. तिथे पन्नास सांगितले असते तर पुढची दहा मिनिटं त्या पन्नासांचा हिशेब देत बसलो असतो.

आणखी एक. हिरवळीवरचा लाल चेंडू तुम्हाला उशिरा दिसत असेल तर फॉर्म भरण्याआधी डोळे तपासून घ्या. रात्री जहाजाच्या डाव्या बाजूचा दिवा लाल असतो, उजव्या बाजूचा हिरवा. समोरचं जहाज कुठे चाललंय, हे त्या दोन रंगांवरून ओळखायचं असतं. जहाज जिथून चालवतात त्या ब्रिजवर उभं राहायचं तर रंगांधळेपणा चालत नाही.

नोकरीची पहिली दोन-तीन वर्षं किट बंकखाली राहू द्या. त्या काळात वॉचकीपिंग सर्टिफिकेट मिळवायचं असतं. कॅप्टन झोपलेला असताना जहाज तुमच्या ताब्यात ठेवायला त्याची हरकत नाही, असं त्याने त्यात लिहून दिलेलं असतं. रात्री बारा ते चारचा वॉच, म्हणजे ब्रिजवरची पाळी करायची, थोडी झोप काढायची आणि सकाळी पुन्हा कामाला लागायचं. ते सर्टिफिकेट हातात नसताना मी एकदा एक्सओकडे, म्हणजे जहाजावरच्या दुसऱ्या क्रमांकाच्या अधिकाऱ्याकडे, मॅचसाठी सुट्टी मागायला गेलो होतो. त्यांनी फाइलमधून मानसुद्धा वर केली नाही.

समुद्रावर शरीराचं काय होतं, ते मला कोणी आधी सांगितलं नव्हतं. जहाजावर शिड्या भरपूर, पण पळायला जागा नाही. मांड्या टिकतात, दम जातो. दोरीवरच्या उड्या मारत राहा, एवढाच उपाय मला सापडला. दोन आठवड्यांनी किनाऱ्याला लागलं की जमीन डोलते. खरंच डोलते. एकदा शनिवारी उतरून रविवारी बॅटिंगला गेलो, तर बोलर धावत येताना मी नकळत डाव्या-उजव्या पायावर तोल घेत होतो. अंपायरने काळजीने विचारलं, "काल जास्त झाली का?"

डेकवरही क्रिकेट चालतं. हेलिकॉप्टरच्या डेकवर, उड्डाण नसेल तेव्हा, टेनिस बॉलने. बॉल पाण्यात गेला की बॅट्समन आउट, त्यामुळे सगळे सरळ बॅटने खेळायला शिकतात. खेळ संपला की ओळीने चालत डेकवरचा कण अन् कण वेचायचा, कारण एखादा खडा इंजिनात गेला तर सगळं महागात पडतं.

डेकवरच्या या सरळ बॅटचा कांगा लीगमध्ये मात्र फारसा उपयोग नाही. ही लीग 1948 पासून मुद्दाम पावसाळ्यात खेळतात, झाकून न ठेवलेल्या खेळपट्टीवर. चेंडू थांबून येतो, मधूनच उसळतो. आउटफिल्डला गवत इतकं वाढलेलं की जमिनीवरून मारलेला ड्राइव्ह वीस यार्डांत मरतो. चेंडू उचलून मारायला शिका. आझाद मैदानावर 22 खेळपट्ट्या आहेत, त्यामुळे आपल्या कव्हरच्या पाठीला पाठ लावून दुसऱ्याच मॅचची स्लिप उभी असते. पावसाळ्यात कोळ्यांच्या होड्या किनाऱ्यावर ओढलेल्या असतात, नौदलाच्या जहाजांना तशी सुट्टी नाही. त्यात जहाज कधी सुटणार हे बाहेर बोलायचं नसतं. आमचा क्लबचा कॅप्टन शुक्रवारी फोन करायचा, "रविवारी आहेस ना?" मी म्हणायचो, "बघतो." पाच-सहा वर्षांनी तो माझं नाव पेन्सिलने लिहायला लागला.

नौदलातलं क्रिकेट वेगळं. जहाज, मग कमांड (नौदलाचा प्रादेशिक विभाग), मग नेव्हीचा संघ, मग तिन्ही दलांच्या स्पर्धा आणि त्यांतून रणजीसाठी सर्व्हिसेसचा संघ. 1956-57 आणि 1957-58 अशा लागोपाठ दोन मोसमांत सर्व्हिसेस रणजीच्या फायनलला पोहोचली होती. हेमू अधिकारी लष्करात अधिकारी होते आणि 1959 साली दिल्ली कसोटीत त्यांनी भारताचं नेतृत्व केलं. तसं स्वप्न बघायला माझी ना नाही, पण माझ्यासोबत कमांडला खेळलेले बहुतेक चांगले खेळाडू सेलर होते, अधिकारी नव्हेत. कॅप्टन होता पेटी ऑफिसर, नावात ऑफिसर असला तरी सेलरच. पहिल्या मॅचला मी स्लिपमध्ये दोन कॅच सोडले, तरी तो मला हलवेना. शेवटी जवळ येऊन म्हणाला, "सर, आप फाइन लेग पे जाना चाहेंगे क्या?" तोवर त्या बॅट्समनचे चाळीस झाले होते. मी त्याला सांगितलं, मैदानावर तू विचारायचं नाही, सांगायचं. 'सर' काही त्याच्या तोंडातून सुटलं नाही. मग त्याने हनुवटीने इशारा करायला सुरुवात केली. मी निघायचो. तुम्हाला हे जमणार नसेल तर नौदलाच्या संघात अडचण होईल, आणि ती तुमची नाही, त्या कॅप्टनची होईल.

एका रविवारी कांगाच्या मॅचमध्ये पहिल्या स्लिपला माझं बोट मोडलं. मंगळवारी जहाज सुटणार होतं. डॉक्टरने मला उतरवलं आणि माझ्या जागी चिपळूणच्या एका जोडीदाराला जावं लागलं. त्याची गणपतीची सुट्टी मंजूर होती, तिकिटं काढलेली होती, घरी दीड दिवसाचा गणपती. तो काही बोलला नाही. माझ्या प्लास्टरवर सही करून जहाजावर गेला.

पुढच्या वर्षी गणपतीत त्याची ड्यूटी मी मागून घेतली. नेमकी त्या रविवारी आझाद मैदानावर मॅच होती. शुक्रवारी फोन आला तेव्हा मी नेहमीसारखं "बघतो" म्हणालो.