कोर्टाची ऑर्डर हातात, नोकरी अजून नाही? कंटेम्प्ट (अवमान याचिका) टाकायच्या आधी या चुका टाळा

गेल्या पावसात गोव्यातल्या पेडण्याचा एक मुलगा आला होता, मी म्हापशात एका वकिलांकडे फायली बघतो. प्लास्टिकच्या फोल्डरात हायकोर्टाची ऑर्डर, शेवटच्या पानावर पिवळा मार्कर फिरवलेला, आणि बसायच्या आधीच म्हणतो, "सर, आठ आठवडे कधीच उलटले, आता ह्यांना आत घालूया." मी ते पिवळं वाक्य दोनदा वाचलं. अर्जदाराच्या निवेदनावर खात्याने नियमाप्रमाणे विचार करून आठ आठवड्यांत कारणांसह निर्णय द्यावा, एवढंच. नोकरी द्या असं कुठेच नाही. आणि त्याच फोल्डरात मागे दुमडून खात्याचं पत्र, सातव्या आठवड्यातलं, की अनुभवाचा दाखला शेवटच्या तारखेनंतरचा आहे सबब अपात्र. म्हणजे खात्याने ऑर्डर पाळलेली बाबा, उत्तर तेवढं ह्याला नको ते आलं.

ही चूक मी सगळ्यात जास्त बघतो. "विचार करा" आणि "नेमणूक द्या" यात जमीन अस्मानाचा फरक आहे. खात्याने दिलेलं कारण चुकीचं असेल, अगदी धडधडीत चुकीचं असेल, तरी ते कंटेम्प्टमध्ये तपासलं जात नाही. सुप्रीम कोर्टाने १९९६ साली जे. एस. परिहार विरुद्ध गणपत दुग्गर या केसमध्ये हेच सांगितलंय की कोर्टाच्या सांगण्यावरून एकदा नवीन निर्णय झाला की तो बरोबर असो नाहीतर चूक, त्याला आव्हान वेगळं द्यायचं. म्हणजे परत पर्वरीला हायकोर्टात, परत रिट याचिका, संविधानाच्या कलम २२६ खाली. कंटाळा येतो, पैसे जातात, मान्य, पण तो मुलगा कंटेम्प्टच्या नादात राहिला असता तर त्या पत्राला आव्हान द्यायला उशीर झाला असता आणि मग इतके दिवस काय करत होतात म्हणून वेगळंच ऐकून घ्यावं लागलं असतं.

दुसरी गोष्ट अंतरिम ऑर्डरची, म्हणजे निकाल लागेपर्यंतच्या तात्पुरत्या आदेशाची. पात्रतेच्या भांडणात, म्हणजे पंधरा वर्षांचा रहिवासी दाखला, कोकणीचं ज्ञान, डिग्री समकक्ष आहे की नाही असल्या वादांत, कोर्ट बरेचदा भरती थांबवत नाही, फक्त म्हणतं की होणाऱ्या नेमणुका या याचिकेच्या निकालाच्या अधीन राहतील. लोक याला स्टे, म्हणजे स्थगिती, समजतात! मग दुसऱ्या कोणाला नेमणुकीचं पत्र मिळालं की लगेच अवमान झाला, अवमान झाला. अरे, नेमायला मनाई केलीच नव्हती. उलट खरा स्टे असेल आणि तरी नेमणूक झाली असेल तर मात्र केस मजबूत आहे, तिथे मागे हटू नका.

मुदतीचं तर विचारूच नका. १९७१ च्या न्यायालय अवमान कायद्याच्या कलम २० मध्ये एक वर्ष दिलंय, ते ऑर्डरच्या तारखेपासून नाही तर अवमान झाला त्या दिवसापासून, म्हणजे आठ आठवडे दिले असतील तर ते संपल्यापासून मोजायचं. पुढच्या महिन्यात करू म्हणता म्हणता चतुर्थी येते, मग दिवाळी, मग कोणीतरी ओळखीचा सचिवालयात बोलतो म्हणून आणखी चार महिने, आणि वर्ष गेलेलं कळतही नाही. स्मरणपत्रं पाठवत राहिलं तरी घड्याळ थांबत नाही. दुसऱ्या बाजूने, खात्याने अपील केलंय एवढ्यावर पण गप्प बसू नका, नुसतं अपील टाकलं म्हणजे स्टे मिळाला असं नाही. स्टेचा अर्ज पेंडिंग असेल तर मात्र कोर्ट सहसा आधी तो ऐकतं.

मित्राच्या ऑर्डरवर आपला कंटेम्प्ट टाकायला येणारेही आहेत. त्याच जाहिरातीतला, त्याच कारणाने अपात्र ठरलेला, सगळं मान्य, पण याचिकेत नाव त्याचं आहे. तुम्हाला तुमची याचिका लागेल, त्याचा निकाल तिथे जोडा.

आणि कंटेम्प्टमध्ये प्रतिवादी करताना मंत्र्यापासून शिपायापर्यंत सगळ्यांची नावं घालू नका. ज्याच्यावर पाळायची जबाबदारी होती तो अधिकारी, पदासकट आणि नावासकट. बदली झाली असेल तर नवीन आलेल्याला आधी ऑर्डर पोचवा, कारण कायद्याला हवं ते जाणूनबुजून न पाळणं, आणि ज्याला माहीतच नाही त्याने जाणूनबुजून काय केलं? उशीर, गोंधळ, फाईल हरवली, यावर बहुतेक वेळा माफी मागून आणि ऑर्डर पाळून विषय मिटतो. शिक्षा झालीच तर जास्तीत जास्त सहा महिने साधी कैद किंवा २००० रुपये दंड, किंवा दोन्ही. बघा, यात नोकरी हा शब्द नाही.

फेसबुकवर न्यायाधीशांना विकले गेले वगैरे लिहिणाऱ्यांनी तर जपूनच, तो फौजदारी अवमान तुमच्यावरच यायचा.

आता ती ऑर्डर अधिकाऱ्याला पोचवायची कशी, तर साधं आहे. सर्टिफाइड कॉपी काढा, वर दोन ओळींचं पत्र लावा की अमुक तारखेपर्यंत पाळायचं आहे, आणि खात्याच्या इनवर्डला, म्हणजे आवक काउंटरवर, स्वतः जाऊन द्या. आपल्या प्रतीवर शिक्का, तारीख आणि इनवर्ड नंबर घेतल्याशिवाय काउंटर सोडू नका, "सायबाच्या टेबलावर ठेवतो" म्हणाले तरी. पेडण्याच्या त्या मुलाकडे बाकी सगळं होतं, मार्करसुद्धा, हा शिक्का तेवढा नव्हता. नव्या रिटच्या वेळी मात्र तो खात्याचं पत्र घेऊन आला तेव्हा पाकीटसुद्धा जपून आणलं होतं, पोस्टाच्या तारखेसकट.