चित्र किच आहे का, हे कसे पारखावे

किच म्हणजे ठरावीक भावनांना सहज हात घालणारी, पण उथळ आणि साचेबद्ध कला. ती पारखायची तर चित्रासमोर आधी दहा मिनिटे शांत उभे राहावे. मनात जे दाटून येईल ते येऊ द्यावे, कारण डोळे पाणावणे हा दोष नव्हे. ते पाणी कशामुळे आले, एवढेच तपासायचे आहे.

त्यासाठी विषय आणि त्याचे चित्रण यांकडे वेगवेगळे पाहावे. रडणारे मूल, मावळता सूर्य, तान्ह्या बाळासह आई हे विषय मुळातच भावनेने भारलेले असतात. चेक तत्त्वचिंतक तोमाश कुल्का यांच्या मते किचचा विषय असा भारलेला आणि चटकन ओळखू येणारा असतो. मात्र त्या विषयाविषयीच्या आपल्या जाणिवेत चित्र काहीच भर घालत नाही. मला हे तिसरे लक्षण निर्णायक वाटते. ते पडताळताना मनातल्या मनात एखादी रेषा सरकवावी, एखादा रंग बदलावा. तरीही परिणाम तसाच राहिला, तर भावना विषयाने उसनी दिलेली आहे, चित्रकाराने कमावलेली नाही. याउलट, डच चित्रकार रेम्ब्रांटच्या उतारवयातील आत्मचित्रांतून चेहऱ्यावरचे रंगाचे जाड थर घोटून गुळगुळीत केले, तर तो थकलेला, स्वतःला न्याहाळणारा माणूसच नाहीसा होईल.

यानंतर तुलना करावी. चांगल्या रसिकाला सराव, तुलना आणि पूर्वग्रहापासून मुक्तता लागते, असे स्कॉटिश तत्त्वचिंतक डेव्हिड ह्यूम यांनी १७५७ मध्ये मांडले होते. एकाच विषयावरची चार-पाच चित्रे शेजारी ठेवली की ठरावीक साचा आपोआप उघडा पडतो. हा साचा केवळ गोंडस चित्रांत असतो असे मानू नये. भिंतीला शोभावे म्हणून ओढलेले अमूर्त फटकारेही तितकेच साचेबद्ध असू शकतात, आणि सुशिक्षितांची नजर नेमकी तिथेच फसते.

पूर्वग्रहाबाबत तर विशेष सावध राहावे. ‘किच’ हा शब्द एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात म्युनिकच्या कलाबाजारात स्वस्त, झटपट खपणाऱ्या चित्रांसाठी रूढ झाला आणि तेव्हापासूनच त्याला तुच्छतेचा वास आहे. अभिरुची ही वर्ग आणि शिक्षण यांतून घडते, हे समाजशास्त्रज्ञ पिएर बुर्द्यू यांनी १९७९ मध्ये फ्रेंच समाजाच्या अभ्यासातून दाखवले. म्हणून निकाल चित्राबद्दल द्यावा, ते जिवापाड जपणाऱ्या माणसाबद्दल नव्हे. शिवाय तो त्याच दिवशी देऊ नये. आठवड्याने तेच चित्र पुन्हा पाहावे आणि पहिल्या वेळी नजरेतून सुटलेले काही दिसले का, ते लिहून काढावे.